सगळे झोपल्याशिवाय दिवस संपत नाही

'स्टारड्यू व्हॅली' हा शेतीचा व्हिडिओ गेम एकट्यानं खेळताना दिवस कधी संपवायचा हे आपल्या हातात असतं. पलंगाशी जायचं, झोपायचं का या प्रश्नाला हो म्हणायचं, की रात्र सरते, पिकं एक दिवसानं वाढतात आणि सकाळी सहाला नवा दिवस उजाडतो. तोच गेम मैत्रिणीच्या शेतावर जाऊन खेळायला लागलं की हा नियम बदलतो. शेतावर जितकी माणसं असतील तितकी सगळी अंथरुणात शिरल्याशिवाय रात्र होत नाही. आपण आधी झोपायला गेलो तर पडद्यावर एक छोटी चौकट येते: दोघींपैकी एक तयार, दुसरीची वाट पाहणं चालू. दुसरी अजून खाणीत तांबं फोडत असते, नाहीतर नदीकाठी गळ टाकून बसलेली असते. मग थांबायचं, किंवा उठून पुन्हा बाहेर पडायचं. कुणीच झोपलं नाही तर रात्री दोन वाजता सगळ्या जिथं असतील तिथं कोसळतात.

पुष्कळ खेळाडूंना हा नियम गैरसोयीचा वाटतो. मला तो या खेळातला सगळ्यात शहाणा नियम वाटतो. दूर राहणाऱ्या माणसांना एकमेकांशी बोलता येणं आता फुकट आणि सोपं झालं आहे, आणि तरीही आपली जुनी मैत्रं एकेक करून विरत चालली आहेत. त्याचं कारण आपण वेळेच्या टंचाईत शोधतो. मला ते दुसरीकडे दिसतं. आपल्याला एकमेकांसाठी थांबावं लागेल, एकमेकांच्या कामावर आपलं काम अडेल असं आता काही उरलेलं नाही. हा साधासा गेम नेमकी तेवढी अडवणूक परत आणतो.

हा गेम मुळात एका माणसानं एकट्यानं घडवला. एरिक बॅरोन हा अमेरिकेतल्या सिॲटल परिसरातला तरुण. वॉशिंग्टन विद्यापीठाच्या टॅकोमा शाखेतून २०११ मध्ये संगणकशास्त्राची पदवी घेऊन तो बाहेर पडला, मनासारखी नोकरी मिळेना, म्हणून हात बसावा या हेतूनं त्यानं एक गेम करायला घेतला. त्यातच साडेचार वर्षं गेली. चित्रं त्याची, संगीत त्याचं, संवाद आणि कोडही त्याचंच. पोटासाठी काही काळ तो सिॲटलच्या पॅरामाउंट थिएटरमध्ये प्रेक्षकांना जागा दाखवण्याचं काम करत होता. २६ फेब्रुवारी २०१६ रोजी गेम बाजारात आला आणि डिसेंबर २०२४ पर्यंत त्याच्या चार कोटींहून अधिक प्रती खपल्या होत्या. बॅरोनपुढे नमुना होता तो १९९६ मधल्या 'हार्वेस्ट मून' या जपानी खेळाचा. तो खेळ ज्याच्या डोक्यातून निघाला तो यासुहिरो वादा क्युशू बेटावर वाढला आणि पुढे टोकियोला आला. मागं राहिलेल्या गावाची ओढ, आणि मारामारीशिवायही खेळ रंगू शकतो हा विश्वास, यांतून त्यानं तो रचला.

म्हणजे दोन्ही खेळांच्या मुळाशी एकेका माणसाचं एकटेपण आहे. 'स्टारड्यू'ची कथाही तशीच. जोजा नावाच्या बलाढ्य कंपनीच्या कचेरीत खुर्चीला खिळलेला एक तरुण मरताना आजोबांनी दिलेलं पत्र उघडतो आणि त्यांच्या पडीक शेतावर राहायला जातो. आपल्या कष्टाचं फळ डोळ्यांसमोर उगवताना पाहायला मिळावं ही शहरी नोकरदाराची इच्छा इथं उघडपणे मांडली आहे. तिच्यात सोबतीला जागा नव्हती. सोबतीनं खेळण्याची सोय अडीच वर्षांनी, १ ऑगस्ट २०१८ रोजी आली, आणि ती काही बॅरोनला एकट्याला करता आली नाही. संगणक एकमेकांना जोडणारा भाग चकलफिश या ब्रिटिश प्रकाशक कंपनीच्या लोकांनी सांभाळला. एकट्याचा संसार एकहाती उभा करता येतो, दुसऱ्याला त्यात सामावून घ्यायचं तर आणखी हात लागतात. या गेमच्या बाबतीत तरी हे अक्षरशः खरं ठरलं.

माझी शाळेतली मैत्रीण काही वर्षांपासून डब्लिनला आहे. आमच्यात हिवाळ्यात साडेपाच तासांचं अंतर, उन्हाळ्यात साडेचार. फोन होत असत, पण फोनवर काय होतं ते परदेशी माणसं असलेल्या प्रत्येक घराला ठाऊक आहे. आईची शुगर, बाबांचा गुडघा, तिकडचं भाडं, इकडचा उकाडा, भाचीचं ॲडमिशन. मधल्या पंधरा दिवसांचा ताळेबंद एकमेकींना वाचून दाखवायचा आणि ठेवायचं. दोघींचंही एकमेकींवर प्रेम आहे, तरी बोलण्याला विषय पुरवावा लागे. शाळेत असताना आम्ही कधीच विषय काढून बोललो नव्हतो. प्रयोगवही पूर्ण करताना, गॅदरिंगच्या पताका चिकटवताना, एकमेकींच्या घरी कुरडया वाळत घालताना बोलणं आपोआप होत होतं. हात गुंतलेले असले की जीभ मोकळी होते.

म्हणून तिनं एका रविवारी 'माझ्या शेतावर ये' म्हटलं तेव्हा मी लगेच गेले. जाण्याची रीत अशी. ती तिच्या संगणकावर शेत उघडते आणि पडद्यावर आलेला इनव्हाइट कोड मला व्हॉट्सॲपवर पाठवते. मी तो माझ्याकडे भरते आणि तिच्या शेतावर, माझ्यासाठी उभ्या असलेल्या खोपटात जागी होते. असं खोपटं आधी नसेल तर मला येताच येत नाही. प्रत्येक पाहुण्यासाठी यजमानानं एकेक घर तयार ठेवलेलं असावं लागतं, सुरुवातीलाच मागून घेतलेलं किंवा रॉबिन नावाच्या सुतारणीकडून नंतर बांधून घेतलेलं. खर्च नाममात्र, पण क्रम मला मोलाचा वाटतो: आधी जागा, मग बोलावणं. आपल्याकडे 'या कधीतरी' म्हणणारे खूप असतात. इथं 'ये' म्हणणारीनं भिंती उभ्या करून झालेल्या असतात.

आत गेल्यावर हातात पाच हत्यारं मिळतात: कुऱ्हाड, कुदळ, झारी, टिकाव आणि कोयता. शेत मात्र दुसरीचं. बटाटे आणि पार्सनिप (गाजराच्या जातीचं पांढरं कंदमूळ) तिनं आधीच लावलेले, बुजगावणं तिनं रोवलेलं, ओळी तिच्या मनातल्या नकाशाप्रमाणे. घरालगतच्या पेट्यांना तिनं रंग दिले होते: बियाण्यांची हिरवी, धातूची तपकिरी, माशांची निळी. पहिल्या दिवशी मी फक्त पाणी घातलं. तळ्यावर झारी भरायची, एकेका रोपावर ओतायची, मातीचा रंग गडद झाला की पुढचं रोप. ती म्हणाली, "अगं, तुला कंटाळा येईल, तू खाणीत जा." मला कंटाळा आला नव्हता. दुसऱ्याचं शेत ओळखीचं व्हायचं तर आधी त्याला पाणी घालावं लागतं. कुठलं पीक कधी निघणार, कुठली ओळ तिनं घाईत वाकडी घातली, कुठल्या कोपऱ्यात तिला पुढं कोंबड्यांचं खुराडं बांधायचं आहे, हे सगळं मला त्या झारीमागून कळलं.

या झारीचीच एक गोष्ट सांगते. ती सुधारून घ्यायची तर क्लिंट नावाच्या लोहाराकडे पैसे आणि तांब्याच्या पाच लगडी द्याव्या लागतात, आणि तो ती दोन दिवस स्वतःकडे ठेवून घेतो. त्या दोन दिवसांत पाण्याचं काय? एकटा खेळणारा माणूस इथं हिशेब मांडतो. घरातल्या टीव्हीवर उद्याचं हवामान पाहायचं, पाऊस असेल तर आज झारी टाकायची. माझी झारी लोहाराकडे होती तेव्हा आम्हाला पावसाची वाट पाहावी लागली नाही. माझ्या वाट्याच्या ओळींना तिनं पाणी घातलं, मी तिच्या वाटचं लाकूड तोडलं. पुढं तिची झारी गेली तेव्हा उलट झालं. कुणी कुणाला विचारलं नाही आणि कुणी आभार मानले नाहीत. मधल्या वेळात ती तिच्या ऑफिसातल्या एका अवघड प्रसंगाबद्दल बोलली. फोनवर तिनं तो मला कधी सांगितला नसता, कारण फोनवर त्याच्याकडे सरळ पाहावं लागलं असतं. आता दोघी पार्सनिपकडे पाहत होतो.

आपल्याकडच्या शेतीला ही देवघेव नवी नाही. एकाची नांगरट उरकायची असली की गावातले बाकीचे आपापली अवजारं आणि बैल घेऊन त्याच्या रानात उतरत, आणि त्यानं त्यांना जेवू घालायचं, याला इर्जिक घालणं म्हणत. कुठं सावड, कुठं पैरा, कुठं वारंगुळा अशा नावांनी आज तुझ्याकडे, उद्या माझ्याकडे अशी कामं होत. त्या काळाचे गोडवे गाण्याचा माझा इरादा नाही. गावातल्या सगळ्यांनाच त्या पंगतीत बरोबरीची जागा नव्हती, आणि ज्यांच्याकडे ना जमीन ना बैल, त्यांची मेहनत फेडीच्या या हिशेबात धरलीच जात नसे. तरी इर्जिकीतली एक गोष्ट मला आज हवीशी वाटते. मदत करणाऱ्याला प्रेम सिद्ध करावं लागत नसे. तो नांगर घेऊन आला यात सगळं आलं. आपल्या मैत्रीतून अशी कामं काढून घेतल्यावर उरलं ते फक्त भावना बोलून दाखवणं, आणि ते रोज कुणाला जमतं?

सोबतीनं खेळताना घड्याळही वेगळं चालतं. एकटीनं खेळताना थैली उघडली, सामान लावायला घेतलं की वेळ थांबतो, म्हणून हवा तितका विचार करता येतो. दोघी असलो की एकीनं थैली उघडली म्हणून दुसरीचा दिवस अडत नाही. गेममधला दिवस आपल्या घड्याळात जेमतेम चौदा मिनिटांचा, त्यामुळे मी पेटीपाशी रेंगाळले तर ती मिनिटं दोघींच्या दिवसातून जातात. सणांचं तर आणखी कडक. वसंतातल्या तेरा तारखेला अंड्यांचा सण असतो. गावच्या चौकाच्या वेशीवर मी एकटी पोचले तर मला आत सोडत नाहीत. दोघी तयार झालो की दोघी एकदम आत जातो. जत्रेला निघालेल्या घरात सगळ्यात लहान पोराचं आवरेपर्यंत सगळे उंबऱ्यात उभे असतात, तसं ते उभं राहणं असतं.

दुसऱ्यासाठी थांबणं म्हणजे वेळ वाया जाणं, असं मानायला आपल्याला गेल्या काही वर्षांत शिकवलं गेलं आहे. व्हॉइस मेसेज दीडपट वेगानं ऐकायचा, मालिका आपापल्या सवडीनं पाहायची, उत्तर जमेल तेव्हा द्यायचं. प्रत्येकाला आपापल्या सोयीचा वेळ मिळाला आणि दोघांचा मिळून असा वेळ संपला. डब्लिनमधले दुपारचे साडेतीन आणि इथले रात्रीचे नऊ यांना जोडणारं काही असेल तर ते गेममधलं सकाळचं सहा. तिथं दोघींना एकच सकाळ असते.

इथं कुणी विचारेल की शेतीचे ऑनलाइन खेळ यापूर्वीही होते, त्यांनी कुठं माणसं जोडली? प्रश्न रास्त आहे. झिंगा कंपनीचा 'फार्मव्हिल' जून २००९ मध्ये फेसबुकवर आला तेव्हा आपल्याकडेही घरोघरी, कचेरीकचेरीत लोक त्यावर पिकं काढत होते. तो ३१ डिसेंबर २०२० रोजी बंद झाला, कारण ज्या फ्लॅश तंत्रावर तो चालत होता तेच कालबाह्य झालं. त्यातही शेजारी असत, एकमेकांच्या शेताला खत घालता येई, भेटी पाठवता येत. पण दोघं एका वेळी एका शेतात कधीच नसत. मित्राच्या शेतावर जायचं ते तो नसताना, आणि जायचं ते बहुधा आपल्याला काही मिळावं म्हणून. मित्रांची यादी हेच तिथलं भांडवल होतं. आणि पीक खऱ्या घड्याळावर वाढत असल्यामुळे वेळेत परत आलो नाही तर ते वाळून जाई. माणूस परत येई तो धास्तीनं.

मैत्रिणीच्या 'स्टारड्यू'तल्या शेतावर याच्या नेमकं उलट घडतं. तिनं संगणक बंद केला की शेत थिजतं. पंधरा दिवस आम्हाला जमलं नाही तरी एक पान सुकत नाही. तिच्याशिवाय मला तिथं पाऊल ठेवता येत नाही, चोरून जाऊन चार ओळी काढून टाकता येत नाहीत. एकीकडे पूर्ण अवलंबन आहे आणि दुसरीकडे जराही धाक नाही. ही जोडी मला माणसांच्या नात्यातही फार क्वचित दिसते. अवलंबून असणाऱ्याला आपण सहसा धाकातच ठेवतो.

आता पैशाकडे येते, कारण या खेळातला सगळ्यात मोठा वाद तिथं आहे. २०१८ मध्ये सोबतीचा खेळ आला तेव्हा शेताची पैशांची थैली एकच होती. कुणीही विकलेल्या मालाचे पैसे तिच्यात पडत आणि कुणीही त्यातून खर्च करी. नोव्हेंबर २०१९ च्या सुधारणेत वेगवेगळ्या थैल्यांची सोय आली. गावचे महापौर लुईस यांच्या घरातल्या खतावणीत जाऊन मधूनच वाटणीही करता येते. पुष्कळांनी सुटकेचा निःश्वास टाकला. बियाण्यासाठी साठवलेले पैसे दुसऱ्यानं टोप्यांवर उडवले, अशी तक्रार मग उरली नाही.

माझं मत एका थैलीच्या बाजूनं आहे, पण ते सहज झालेलं नाही. एकत्र थैलीचं कौतुक आपण एकत्र कुटुंबाच्या नावानं पिढ्यानपिढ्या ऐकत आलो. त्या थैलीची दोरी कर्त्या पुरुषाच्या हातात होती. बायका शेतात राबत, घरात राबत, आणि बांगड्या भरायच्या तरी हात पुढं करत. स्वतःचं म्हणून चार पैसे असावेत ही कुणा आज्जीची इच्छा स्वार्थ नव्हती. त्यामुळे वेगळी थैली मागणाऱ्याला मी आपमतलबी म्हणणार नाही. गेममधली एक थैली त्या थैलीहून एका बाबतीत वेगळी आहे: तिला कर्ता नाही. मी न विचारता त्यातले सगळे पैसे खर्चू शकते आणि तीही खर्चू शकते. दोघींच्या हातात सारखीच सत्ता आहे, म्हणून विचारणं हे परवानगी मागणं राहत नाही. "घेवडा, बटाटा काहीच लावू नये या वेळी, सगळे पैसे फ्लॉवरच्या बियांत घालू का?" असं तिनं विचारलं तेव्हा मी नाही म्हटलं असतं तरी ती घालू शकली असती. तरी तिनं विचारलं. वेगळ्या थैल्यांमध्ये हा प्रश्न निघालाच नसता, आणि तो निघाला नसता तर त्यावर झालेली अर्ध्या तासाची मजेदार हुज्जतही झाली नसती.

तरीही बरोबरी पुरती नाही, आणि हे लपवून चालणार नाही. शेत तिच्या संगणकात साठतं. माझं पात्र, माझ्या थैलीतली चीजवस्तू, गावकऱ्यांशी जुळलेली माझी ओळख, शेतीत आणि मासेमारीत चढलेल्या माझ्या पायऱ्या, सगळं तिच्याकडच्या फाइलमध्ये. शेताजवळच्या गुहेत मशरूम वाढवायचे की फळं खाणारी वटवाघळं येऊ द्यायची, यासारखे काही निर्णय फक्त यजमानाला विचारले जातात. आणि तिनं रॉबिनकडे जाऊन माझं खोपटं पाडायला सांगितलं, तर माझं पात्र त्यासोबत पुसलं जातं.

शेतात राबणाऱ्या बाईचं नाव सातबाऱ्यावर नसणं हे महाराष्ट्राला अनोळखी नाही. शेतकरी संघटनेच्या महिला आघाडीचं १९८६ चं चांदवड अधिवेशन आणि त्यानंतर शरद जोशींनी चालवलेली लक्ष्मीमुक्तीची मोहीम, ज्यात शेतकऱ्यांनी जमिनीचा तुकडा बायकोच्या नावावर करून द्यायचा होता, ही त्या प्रश्नाला दिलेली गंभीर उत्तरं होती. खेळाची तुलना मी त्या दुःखाशी करत नाही. पण ज्या समाजात मालकी आणि मेहनत यांची इतकी फारकत झाली, तिथं वाढलेल्या माणसाला खेळातही हा प्रश्न दिसतोच.

स्वित्झर्लंडच्या जायंट्स सॉफ्टवेअरचा 'फार्मिंग सिम्युलेटर' हा दुसरा प्रसिद्ध शेतीखेळ त्याला कायद्याचं उत्तर देतो. २००८ पासून निघत असलेल्या या मालिकेत ट्रॅक्टर, कापणीयंत्रं, कर्ज आणि चढउतार होणारे बाजारभाव आहेत; २०२४ च्या आवृत्तीत भातखाचरंही आली. तिथं दुसऱ्याच्या शेतावर गेलं की कोणाला काय करता येईल याची यादी असते: यंत्र विकत घेणं, विकणं, मजूर लावणं, जनावरांचा व्यवहार, पैसे दुसरीकडे वळवणं. व्यवस्थापक एकेका माणसाला एकेक हक्क देतो किंवा काढून घेतो. अनोळखी माणसांत हे हवंच. मी अनोळखी माणसांबरोबर खेळले असते तर मलाही ती यादी हवी असती. पण मैत्रिणीबरोबर खेळताना 'स्टारड्यू'तली उघडी, असुरक्षित रीत मला पटते. हक्कांची यादी केली की प्रत्येक जण आपापल्या हद्दीत सुरक्षित होतो आणि विश्वासाला करण्याजोगं काही राहत नाही. ती माझं खोपटं पाडू शकते, आणि ती ते पाडणार नाही हे मला माहीत आहे. या दोन वाक्यांमधल्या जागेत आमची मैत्री राहते, अगदी खेळाबाहेरही.

सगळ्यात कठीण आक्षेप मात्र वेगळाच आहे, आणि तो मला माझ्याच घरातून ऐकावा लागला. माझा मामेभाऊ कांदा करतो. त्यानं एकदा पडदा पाहिला आणि विचारलं, "ताई, हा माल विकता कुठं?" मी त्याला घरासमोरची पेटी दाखवली. दिवसभरात काढलेलं तिच्यात टाकायचं, सकाळी पैसे जमा. पार्सनिपचं बी २० नाण्यांना, साधा पार्सनिप ३५ नाण्यांना, आज, उद्या आणि पुढच्या वर्षीही. वाहतूक नाही, हमाली नाही, तोलाई नाही, लिलावात भाव पडणं नाही, निर्यातबंदी नाही. पाऊस येतो तो बहुधा पाणी घालण्याचा त्रास वाचवायला. तो बराच वेळ पाहत राहिला आणि म्हणाला, "भाव बांधून मिळाला तर शेती करायला कोण नको म्हणतं?"

हे त्यानं रागानं म्हटलं नव्हतं, आणि मला त्याचं उत्तर देऊन टाकायची घाई नाही. हा गेम शेतीबद्दल काही शिकवत नाही, आणि शिकवतो असा दावा त्याच्या बाजूनं कुणी करू नये. शेतकऱ्याचं दुःख ज्या गोष्टींत आहे त्या सगळ्या त्यातून काढून टाकल्या आहेत, आणि उरलंय ते काम. पेरणं, पाणी घालणं, थांबणं, काढणं. शहरात राहणाऱ्यानं हे शेतीचं चित्र समजून घेतलं तर तो कांदा महागला की चिडेल आणि मातीमोल झाला की त्याला कळणारही नाही. म्हणून खेळणाऱ्यावर एक जबाबदारी येते असं मला वाटतं. पार्सनिपच्या ३५ नाण्यांचा आनंद घ्यावा, आणि तो आनंद कुठल्या अटींवर उभा आहे हे लक्षात ठेवून घ्यावा. मामेभावाच्या एका वाक्यात शेतकरी आंदोलनाची अर्धी मागणी आहे: कष्ट करायची आमची तयारी आहे, भाव बेभरवशाचा नको. काल्पनिक शेतीनं खऱ्या शेतीवर प्रकाश टाकला असेल तर तो इतकाच, पण तो थोडा नव्हे.

आणि या खेळात राबणं ज्याच्यासाठी आहे ते पीक नव्हेच, असं मला दिवसेंदिवस वाटत चाललं आहे. मार्च २०२४ मधल्या सुधारणेनंतर संगणकावर एका शेतावर आठ जणांना उतरता येतं. नफ्याचं प्रमाण मुद्दाम कमी करून घेण्याचीही सोय आहे, कारण हात वाढले की पैसा फार लवकर साठतो आणि करायला काही उरत नाही. काम संपू नये म्हणून मोबदला कमी करून घेणारी माणसं मला तरी दुसऱ्या कुठल्या खेळात माहीत नाहीत. आम्ही दोघींनीही तसं करून घेतलं आहे.

सध्या आमच्यात मतभेद आहे तो गावच्या जुन्या समाजमंदिरावरून. ते दुरुस्त करायचं तर तिथल्या दालनांसाठी ऋतूऋतूचे जिन्नस जमवून अर्पण करावे लागतात: वसंतातला पार्सनिप, बटाटा, घेवडा आणि फ्लॉवर, अमुक मासे, तमुक रानफुलं. दुसरा रस्ता जोजा कंपनीचा. ५००० नाणी भरून तिचं सदस्यत्व घेतलं की समाजमंदिराचं गोदाम होतं आणि बस, पूल, काचघर अशा सगळ्या सोयी रोख पैसे मोजून मिळतात. मैत्रीण जोजाच्या बाजूची आहे. तिचं म्हणणं साधं आहे आणि खोटं नाही: आपल्याला आठवड्यातून एकदा दोन तास मिळतात, त्यात एका लाल कोबीसाठी वर्षभर कशाला अडायचं? रंगांच्या अर्पणात लाल कोबी लागतो, आणि गावातल्या पियर नावाच्या दुकानदाराकडे त्याचं बी दुसऱ्या वर्षाच्या उन्हाळ्याशिवाय येत नाही. माझं म्हणणं, त्या कोबीपायीच आपल्याला आणखी वर्षभर भेटायचं कारण आहे. ती म्हणते, कारण लागतं कशाला, भेटू की. मी म्हणते, लागतं. थैली एक आहे, ५००० नाणी तिच्यात पडलेली आहेत, आणि ती एकटी जाऊन सदस्यत्व घेऊ शकते. अजून घेतलेलं नाही. गेल्या रविवारी आम्ही पहिल्या वर्षाच्या शरदात भोपळे लावले. लाल कोबीच्या बियांना अजून हिवाळा आणि पुढचा वसंत जायचा आहे.